दोनशे अकरा नंबरचं पुस्तक

एक शहर होतं. मोठं, गजबजलेलं, दिव्यांनी लखलखणारं. पण शहराच्या अगदी कडेला, जिथं रस्ता दमून अरुंद होतो, तिथं बुरूड आळी होती. आळीत दिवसभर बांबू सोलल्याचा सरसर आवाज चालायचा. आळीच्या तोंडाशी बकुळीचं एक जुनं झाड होतं आणि झाडाच्या सावलीत दोन खोल्यांचं, पिवळ्या भिंतींचं, लाल कौलांचं वाचनालय होतं. शहरातल्या मोठ्या वाचनालयाची ही सगळ्यात धाकटी शाखा. इवलीशी होती. मोठ्या वाचनालयाच्या जिन्याखालीसुद्धा मावली असती.

या आळीत गोदी राहायची. नऊ वर्षांची, काटकुळी, दोन वेण्यांना दोन वेगळ्या रंगांच्या फिती. तिची आई पारू सुपं आणि करंड्या विणायची. चार वर्षांपूर्वी एका तापानं पारूचे डोळे गेले. पण बोटं शहाणी होती. बांबूची कामटी सरळ आहे की वाकडी, ओली आहे की सुकी, ते बोटांनीच तिला कळायचं. गोदी सकाळी करंड्या घेऊन बाजारात जायची, दुपारी परत यायची, आणि घरी जाण्याआधी तासभर वाचनालयात बसायची.

पुस्तक घरी न्यायचं तर कार्ड लागायचं. कार्डाला जामीन लागायचा, म्हणजे कुणा नोकरदार माणसाची सही. आळीत तसं कुणी नव्हतं. वाचनालय सांभाळणारे दत्तूनाना सही करायला एका पायावर तयार होते, पण ज्या शाखेचं कार्ड त्याच शाखेतल्या माणसाची सही चालत नाही असा नियम होता. म्हणून गोदी रोज तिथंच बसून दोन पानं पाठ करायची, आणि संध्याकाळी आईला शब्दन् शब्द म्हणून दाखवायची. आई विणता विणता ऐकायची. गोष्ट ऐन रंगात आली की तिची बोटं थांबायची.

ते पुस्तक होतं ‘मीठ वेचणारी राजकन्या’. लाल पुठ्ठ्याचं, एक कोपरा उंदरानं कुरतडलेलं. राजकन्या होडीत बसली होती, वादळ उठलं होतं, आणि आता शेवटची तीनच पानं उरली होती. होडी किनाऱ्याला लागते का बुडते, ते गोदीला ठाऊक नव्हतं. आई रोज विचारायची, आणि गोदी म्हणायची, उद्या.

आणि मग गोदीनं एक गोष्ट केली. कार्ड असलेली एक मुलगी कपाटापाशी त्या पुस्तकाकडे वळून वळून बघत होती. ती मुलगी पुस्तक घरी घेऊन गेली तर आईला किती दिवस थांबावं लागेल? कुणी बघत नाही असं पाहून तिनं ते लाल पुस्तक सगळ्यात खालच्या कप्प्यात, जुन्या पंचांगांच्या गठ्ठ्यामागे सरकवून दिलं. त्या कप्प्याकडे कुणीच जात नसे. ही झाली मंगळवारची गोष्ट. बुधवारी बाजारात उशीर झाला आणि गोदीला वाचनालयात येता आलं नाही. आणि गुरुवारी मोजणी होती.

गुरुवारी दुपारी ती आली तेव्हा फाटकाशी एक रिकामा टेम्पो उभा होता. त्यात दोरखंड होते, गोणपाटं होती. आत मोठ्या वाचनालयातल्या वर्देबाई बसल्या होत्या. उंच, शिडशिडीत, चष्म्याला काळी दोरी. त्यांच्यापुढे एक लांबलचक वही होती. त्या नंबर पुकारायच्या, नाना ते पुस्तक कपाटातून काढून दाखवायचे आणि म्हणायचे, “हजर.” नानांची ती जुनी पद्धत. शाळेत मुलांची घेतात तशी ते पुस्तकांची हजेरी घ्यायचे.

हसण्यासारखी गोष्ट होती, पण कुणी हसत नव्हतं. गेल्या वर्षी मोजणीत दोन पुस्तकं कमी भरली होती, त्याच्या आदल्या वर्षी एक. मोठ्या वाचनालयानं कळवलं होतं, की यंदा एक जरी कमी भरलं तरी शाखा बंद, पुस्तकं टेम्पोत घालून नदीपलीकडे, आणि दाराला कुलूप.

“दोनशे नऊ,” वर्देबाई म्हणाल्या.

“हजर.”

“दोनशे दहा.”

“हजर.”

“दोनशे अकरा.”

नानांचा हात कपाटात गेला आणि तिथंच थांबला. त्यांनी वरचा कप्पा पाहिला, खालचा पाहिला. वर्देबाईंनी मान वर केली नाही. त्यांनी वहीत लाल पेन्सिलीनं एक बारीक ठिपका दिला आणि पुढचा नंबर पुकारला. मोजणी संपेपर्यंत सापडलं तर ठिपका खोडता येईल, एवढंच त्या म्हणाल्या.

दोनशे अकरा म्हणजेच राजकन्या. ती हळूच खाली वाकली. सगळ्यात खालचा कप्पा रिकामा होता. पंचांगं नव्हती. पुस्तकही नव्हतं.

तिनं नानांना कुजबुजत विचारलं, जुनी पंचांगं कुठं गेली. नाना घाम पुसत म्हणाले, की ती तर रद्द झालेली, दरवर्षी देतात तशी काल सांजेला बुरूड आळीत देऊन टाकली, लगद्यासाठी.

आळीत कागद कशाला लागतो ते गोदीला चांगलं ठाऊक होतं. कागद भिजवून त्याचा लगदा करतात, त्यात मेथीचं पीठ कालवतात आणि टोपल्या आतून लिंपून घेतात. ती धावत सुटली. आळीच्या तोंडाशीच कागद भिजवायची दगडी डोण होती. गोदीनं कोपरापर्यंत हात आत घातले. मऊ, करडा, गार लगदा. चाचपता चाचपता हाताला लाल पुठ्ठ्याचा एक तुकडा लागला. पंचांगांनाही लाल पुठ्ठे असतात, पण ते त्या क्षणी तिच्या ध्यानात आलं नाही. तिला वाटलं, संपलं. आपल्या हातानं आपण राजकन्येला बुडवलं, आणि आता वाचनालयही बुडणार.

ती परत आली, पण आत जायचं धाडस होईना. खिडकीतून नंबर ऐकू येत होते. पाचशे तीन, हजर. पाचशे चार, हजर. गोदी बकुळीखाली जाऊन बसली. तिथं ओट्यावर नानांची खळीची वाटी होती, पुस्तकांना चिठ्ठ्या चिकटवायची. आणि त्या वाटीतून बारीक, अगदी बारीक आवाज येत होता. पैंजणातली एकच घुंगरी हलावी तसा.

गोदीनं डोकावून पाहिलं. खळीत एक चिमुकली परी अडकली होती. बोटाच्या पेराएवढी. अंगावर बकुळीच्या फुलांचा झगा, केसांत दवाचे थेंब, आणि पाठीवर पंख. पहाटेचं आभाळ असतं तसे, जरासे गुलाबी, जरासे सोनेरी. पण एक पंख खळीत चिकटून बसला होता, आणि परी जितकी ओढी तितका तो आत जाई.

आत नंबर चालले होते. पाचशे वीस. गोदीला घरी धावायचं होतं, रडायचं होतं, नानांना सगळं सांगायचं होतं. पण पंख असा ओढला तर फाटेल, हे तिला दिसत होतं. आईनं तिला शिकवलं होतं, की चिकटलेलं ओढायचं नसतं, भिजवायचं असतं. तिनं आपल्या बाटलीतलं उरलेलं पाणी थेंब थेंब सोडलं. वेणीची निळी फीत सोडली आणि तिच्या टोकानं एकेक रेघ करून पंख पुसला. सहाशे झाले. सातशे झाले, हजार झाले. तरी गोदीनं घाई केली नाही. आणि मग पंख सुटला, फडफडला, आणि सगळ्या बकुळीवर सोनेरी कणांची एक झुळूक फिरली.

परी तिच्या तळहातावर उतरली.

“तुझ्या डोळ्यांत पाणी आहे, आणि तरी तू माझा पंख पुसत बसलीस,” ती म्हणाली. “माग काय ते. पण आधी माझे नियम ऐक. मी या बकुळीत राहते ना, वाचनालयाच्या शेजारी. माझ्याकडेही वाचनालयासारखंच आहे. इच्छा मिळते, पण उसनी. एका वेळी एकच. आणि परतीचा शिक्का असेल, तर वेळेत परत करायची.”

“आणि नाही केली तर?”

“तर ती विझते. तुझ्यामागे नंबर लागलेला आहे, बाळ. धोबीघाटावरचं एक लेकरू. त्याची धाकटी बहीण तापानं फणफणलीय. तुझी इच्छा परत आली की ती मी त्याला देणार आहे.”

गोदीनं डोळे मिटले आणि दोनशे अकरा नंबरचं पुस्तक मागितलं. परीनं तिच्या तळहातावर नाजूक शिक्का उमटवला. सोन्याच्या रेघेचा, मधे एक छोटासा सूर्य, आणि सूर्याखाली पाण्याची टाकी. म्हणजे धोबीघाटामागच्या टाकीआड सूर्य जाईपर्यंत.

आणि गोदीच्या मांडीवर लाल पुस्तक होतं. तोच कुरतडलेला कोपरा, तोच जुना वास. तिनं शेवटची पानं उघडली. होडी, वादळ, लाट. पण पुढची ओळ वाचायच्या आधीच तिनं पुस्तक मिटलं. आईला सोडून एकटीनं शेवट वाचणं तिला बरं वाटेना.

ती आत गेली तेव्हा बाराशे सहा झाले होते. तेवढीच पुस्तकं होती. टेम्पोवाला दारात येऊन विचारत होता, “बाई, भरायला घेऊ का?” वर्देबाई लाल ठिपक्याकडे बघत होत्या आणि नाना भिंतीला टेकून उभे होते. गोदीनं पुस्तक टेबलावर ठेवलं. कुठं सापडलं, असं नानांनी विचारलंच नाही. त्यांनी ते दोन्ही हातांनी उचललं, चष्मा काढून डोळे पुसले आणि म्हणाले, “दोनशे अकरा हजर.”

वर्देबाईंनी ठिपका खोडला. टेम्पोवाल्याला थांबायला सांगितलं. आता बेरीज जुळवायची, मग सही, की झालं. पुस्तक त्यांनी जवळ ओढून घेतलं आणि त्यावर कोपर टेकवून त्या एकेक पान करत बेरजेला लागल्या. मोठी वही, बारीक आकडे, आणि वर्देबाई घाई करणाऱ्यांपैकी नव्हत्या. एक पान झालं की त्या पुन्हा वरून बघायच्या.

खिडकीतलं ऊन भिंतीवर चढू लागलं. आधी पिवळं होतं, मग केशरी झालं. गोदीच्या तळहातावरचा शिक्का कोमट झाला, मग गरम. तिनं मूठ मिटली. खिडकीतून टाकी दिसत होती आणि सूर्य तिच्याकडे उतरत होता. वर्देबाईंची अजून चार पानं राहिली होती. मग तीन.

गोदीनं मनाशी म्हटलं, थांबावं. सही झाली की लगेच धावत जाऊ. एवढ्याशा उशिरानं काय होतंय.

सूर्याची कड टाकीला टेकली. शिक्का चटका देऊ लागला. वर्देबाईंची दोन पानं राहिली होती. नाना खुर्चीवर टेकले होते, त्यांचा चेहरा कितीतरी दिवसांनी सैल झाला होता. गोदीला धोबीघाटावरचं लेकरू दिसलं. तिनं त्याला कधी पाहिलं नव्हतं, तरी दिसलं. बहिणीच्या उशाशी बसून ते वाट बघत होतं. आणि तिला मंगळवारची ती कार्डवाली मुलगी आठवली, कपाटाकडे वळून वळून बघणारी. आपल्यामागे कुणी उभं आहे हे माहीत असून आपण पुस्तक लपवलं होतं. आज पुन्हा तेच?

ती टेबलापाशी गेली. तिचा आवाज तिलाच ओळखू येईना.

“बाई, ते पुस्तक मला द्या. ते आपलं नाही. उसनं आहे, मला आत्ता परत करायचंय.”

वर्देबाईंनी पेन खाली ठेवलं. “मग आपलं कुठंय?”

“मी लपवलं होतं. पंचांगांमागं. कुणी नेऊ नये म्हणून. ते पंचांगांबरोबर लगद्यात गेलं.”

नानांनी डोळे मिटले. वर्देबाई गोदीकडे बघत राहिल्या, मग त्यांनी कोपर उचललं. गोदीनं पुस्तक छातीशी धरलं आणि ती पळाली. तिच्या पाठीमागे टेम्पोवाल्यानं पुन्हा विचारलं, भरायला घेऊ का, आणि वर्देबाईंचं उत्तर तिला ऐकू आलं, घ्या.

सूर्याची फक्त नखाएवढी कड उरली होती. बकुळीखाली परी उभी होती. गोदीनं पुस्तक पुढं केलं. परीनं त्याला हात लावताच ते एक सोनेरी थेंब झालं, आणि गोदीच्या तळहातावरचा चटका फुंकर घातल्यासारखा निवला. टाकीआड सूर्य गेला.

“वेळेत आलीस,” परी म्हणाली. “आणि वेळेत परत करणाऱ्याला दुसरं नेता येतं. वाचनालयात येतेस, एवढं तर तुला ठाऊक असेल. माग.”

‘आईचे डोळे’ हे शब्द गोदीच्या ओठांवर आले. पण उसने डोळे? उद्या सूर्य बुडताना ते परत करायचे? आईला पुन्हा अंधारात ढकलायचं? आणि वाचनालय मागावं तर तेही एक दिवसाचंच. ती उभी राहिली. आतून पुस्तकं गोणपाटात पडल्याचे धपधप आवाज येत होते.

“त्या पुस्तकाचं एखादं पान तरी लगद्यातून वाचलं असेल,” ती शेवटी म्हणाली. “ज्याच्या हाती येईल, त्याला ते ओळखू येऊ दे. म्हणजे तो ते लगद्यात टाकणार नाही. मला नको काही.”

परी शिक्का उमटवायला वाकली. पण या वेळी सोन्याची रेघ उमटलीच नाही. तिनं दोनदा पाहिलं, आणि तिचे पंख लुकलुकले.

“हिला परतीची तारीखच नाही,” ती हळू आवाजात म्हणाली. “फार दिवसांनी पाहिली अशी.”

मग तो सोनेरी थेंब तिनं ओंजळीत घेतला, धोबीघाटाकडे तोंड केलं, आणि बकुळीचं पान न् पान उजळून निघालं. फांद्या सोन्याच्या, फुलं चांदीची, खालची धूळसुद्धा लखलखती. गोदीनं डोळ्यांवर हात घेतला. हात काढला तेव्हा झाड पुन्हा झाडासारखं होतं, आणि परी नव्हती.

टेम्पोत दोन कपाटं भरून झाली होती. नाना पायरीवर बसले होते. गोदी त्यांच्याजवळ जाऊन उभी राहिली. नानांनी तिच्याकडे न बघता बाजूची जागा हातानं झटकली, बस म्हणून. ती बसली.

तेवढ्यात आळीतून कुणीतरी येताना दिसलं. एक हात भिंतीवर, दुसऱ्या हातात झाकणाची करंडी. पारू कधी एकटी आळीबाहेर पडत नसे. गोदी धावली आणि तिनं आईचा हात धरला.

पारूनं सांगितलं ते असं. दुपारी आळीतल्या म्हाताऱ्या हारूबुवांनी तिच्या वाट्याची पंचांगं घरी आणून दिली होती, कोरडीच, कारण ती आपला कागद घरच्याच मडक्यात भिजवते. आत्ता दिवेलागणीला तिनं ती भिजवायला घेतली. एक टाकलं, दुसरं टाकलं, तिसरं हाती घेतलं, आणि बोटं थांबली. एक कोपरा कुरतडलेला होता. तिनं पान उघडलं, बोट फिरवलं, आणि बोटाखाली शाईची अक्षरं उभी राहिली. ओली शाई लागावी तशी नाही, दाणे लागावेत तशी. तिनं घाबरून बोट उचललं. पुन्हा टेकवलं. ‘राजकन्येनं मीठ वेचलं.’ चार वर्षांनी पारू वाचत होती. लहानपणी चौथीपर्यंत शिकली होती ती, अक्षर न् अक्षर अजून ओळखीचं होतं.

वर्देबाई दारात येऊन ऐकत होत्या. त्यांचा विश्वास बसला नसावा. त्यांनी वही आणली, गोदीच्या आईपुढे उभ्या राहिल्या आणि पुकारलं, “दोनशे अकरा?”

पारूनं करंडीचं झाकण उघडलं. लाल पुस्तक काढलं, पहिल्या पानावरच्या शिक्क्यावर बोट फिरवलं. दोन. एक. एक.

“हजर,” ती म्हणाली.

टेम्पोवाल्यानं हातातली गोणी आपणहून खाली ठेवली. नाना पायरीवरून उठून फाटकाशी आले. वर्देबाईंनी तिथंच, फाटकाच्या खांबावर वही टेकवून, सही केली. मग त्या गोदीकडे वळल्या. चेहरा तसाच कोरडा होता.

“लहानपणी मी व्याकरणाच्या पुस्तकांमागं लपवायचे,” त्या म्हणाल्या. “तिथं तर कुणीच जात नाही. पण सांगायला कधी गेले नाही.” आणि त्यांनी नानांकडून एक कोरं कार्ड मागून घेतलं, त्यावर गोदीचं नाव लिहिलं, आणि जामिनाच्या जागी आपली सही केली.

भरलेली कपाटं उतरवून झाली, तेव्हा नानांनी ओट्यावर कंदील आणून ठेवला. तो गोदीसाठी होता. पारूला त्याची गरज नव्हती. बकुळीखाली ती मांडी घालून बसली, पुस्तक मांडीवर घेतलं, आणि शेवटची तीन पानं उघडली. आजवर गोदी म्हणायची आणि आई ऐकायची. आज गोदी आईच्या खांद्याला टेकली. टेम्पोवालाही चाकाला टेकून बसला, कारण होडीचं काय झालं ते त्यालाही ऐकायचं होतं.

पारूचं बोट सावकाश पुढं सरकत होतं. वादळ. लाट. मग आणखी एक लाट. आणि मग तिचं बोट एका शब्दावर थांबलं, ती हसली, आणि तिनं तो शब्द मोठ्यानं वाचला.

“किनारा.”

धोबीघाटावर त्याच वेळी एका लहानग्या पोरीचा ताप उतरला आणि तिनं भावाकडे पाणी मागितलं. हे आळीत कुणाला कळलं नाही. बकुळीचं एक फूल मात्र गळून पुस्तकावर पडलं. पारूनं ते पानांत ठेवलं आणि पुस्तक मिटलं. दुसऱ्या दिवशी गोदीनं ते परत केलं, वेळेत. आणि कपाटापाशी उभ्या असलेल्या त्या कार्डवाल्या मुलीच्या हातात स्वतः दिलं. फूल त्यात तसंच होतं.